टोपऱ्याच्या कोंबड्या

आत्या आमच्याकडे कायमची राहायला आली तेव्हा तिच्याजवळ एक पत्र्याची पेटी होती आणि एक बांबूचं डालगं. पेटी तिने ओट्यावर टाकली आणि डालगं छातीशी धरून ती सरळ मागच्या अंगणात गेली. "आक्का, पानी तं पे," म्हणत बाबा तिच्या मागे गेले, त्यांच्या मागे माय, आणि मायच्या पदराला धरून मी. डालग्याच्या तोंडावर जुन्या लुगड्याचा तुकडा होता. तो बांधलेला नव्हता, सुईदोऱ्याने पक्का शिवलेला होता. आत्याने टाके दाताने तोडले आणि आतून एक कोंबडा आणि दोन कोंबड्या बाहेर आल्या. त्यांच्या डोक्यावर पिसांचा हा एवढा गोल झुबका होता, तान्ह्या बाळाला टोपरं घालावं तसा. मला हसू फुटलं. आत्याने माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाली, "हासू नोको. आन बाहीर कोनाले सांगू नोको." संध्याकाळपर्यंत सगळ्या आळीला कळलं होतं. मी कोणालाच सांगितलं नव्हतं, कोंबडा आरवला आणि शेजारच्यांनी कुडावरून डोकावून पाहिलं, एवढंच. पण आत्याच्या मनात बातमी फोडणारी म्हणून माझं नाव पहिल्याच दिवशी लागलं ते लागलंच.

आमचं घर बोरी अरबला, बुद्धविहाराच्या मागच्या आळीत. बाबा गवंडीकाम करत. कधी दारव्ह्याला, कधी यवतमाळला, काम असेल तिथे चार-चार दिवस राहून येत, आणि घरी आले की त्यांच्या अंगाला सिमेंटचा वास असे. माय कापूस वेचायला, निंदायला जाई. मी एकटीच मुलगी. आत्या बाबांची थोरली बहीण, तिला लेकरू नव्हतं. तिचं सासर पार तिकडे झरी जामणीच्या जंगलातलं. नवरा जंगलखात्याच्या कामावर जाई. तो वारला आणि तेराव्या दिवसाच्या आत दिराने राशनचा कागद आहे म्हणून तिचा अंगठा घेतला. तो राशनचा कागद नव्हता. वावर गेलं, पाठोपाठ घरही गेलं. निघताना शेजारच्या एका कोलाम म्हातारीने या तीन कोंबड्या तिला दिल्या. ही जात त्या म्हातारीच्या माहेरी पूर्वीपासून होती, आता दोन-तीन घरांतच उरली होती. "जीव लाव, जपून ठेव," असं काहीतरी ती म्हणाली असेल. आत्याने त्यातलं 'जपून ठेव' तेवढं ऐकलं.

हे सगळं मला पुढे कितीतरी वर्षांनी तुकड्यातुकड्याने कळलं. तेव्हा मला एवढंच दिसत होतं की आमच्या घरात आता प्रत्येक गोष्टीवर झाकण आलं आहे. आत्या पिठाच्या डब्यावर बोट फिरवून खूण करून ठेवी. माय आणि बाबा हळू आवाजात बोलू लागले की ती उगाच खोकत आत येई. भाकरी टाकताना मायने मागे वळून पाहिलं तर आत्या दारात उभी. "काय पायता आक्का?" "काही नाई. तू कर." कोंबड्याही तशाच. साध्या कोंबडीला हाकललं तर ती दोन पावलं पळते आणि पुन्हा दाण्यावर येते. या मात्र पान हललं, भांडं पडलं, कावळ्याची सावली गेली, की एकदम कलकलाट करत. दिवसभर अंगणातून तो आवाज येई आणि प्रत्येक वेळी आत्या हातातलं काम टाकून धावे. मी आज यवतमाळात तिसऱ्या मजल्यावर राहते, खाली रस्त्यावर ऑटोंचा दिवसभर गोंगाट असतो, तरी कुठे अचानक भांडं पडलं की माझं पहिलं लक्ष मागच्या दाराकडे जातं.

वर्षभरात तीनाच्या बारा-तेरा झाल्या. पांढऱ्या, तांबूस, एक काळी आणि तिचं टोपरं तेवढं पांढरं. आळीतल्या बायका अंडी मागू लागल्या. आमच्या आळीत अशी रीतच होती, कोणाच्या वेलाला दोडके आले तर चार घरी जायचे, कोणाची कोंबडी खुडूक बसली तर शेजारणीकडून चांगल्या जातीची अंडी आणून तिच्याखाली ठेवायची. आत्याला नाही म्हणता येईना. भावाच्या घरी राहून भावाच्या शेजाऱ्यांना नाही कसं म्हणायचं? म्हणून ती हसतमुखाने हो म्हणे, "उद्या देतो वं," म्हणे, आणि दुसऱ्या दिवशी दुपारी मला आत बोलावून दार लोटून घेई. मी अंडं दोन्ही हातांत घट्ट धरायचं. आत्या आपल्या चोळीची सेफ्टी पिन काढून अंड्याच्या बोथट टोकाला टोची, मग त्या भोकावर ओल्या पिठाचा ठिपका लावून अंगठ्याने पुसून टाकी. पाहून कोणाला ओळखू येत नसे. त्या अंड्यातून पिल्लू निघायचं नाही. "एका घरातून दुसऱ्या घरात गेली का मंग आपली राह्यत नाई," ती म्हणे. काम झालं की ती मला एक उकडलेलं अंडं देई, वर मीठ आणि लाल तिखट. ते मी भिंतीकडे तोंड करून खाई. इतकं चवदार अंडं मी नंतर कधी खाल्लं नाही, हे सांगायलाही मला आज लाज वाटते.

आमच्या घरासमोर, मधे फक्त हापशी, शांतामावशीचं घर होतं. ती मायची जिवाभावाची. दोघी एकाच वावरात कापूस वेचत, एकीचा ताप दुसरीला कळे. शांतामावशीने दोनदा आमच्याकडची अंडी नेली आणि दोनदा आपली कोंबडी त्यांच्यावर बसवली. एकवीस दिवस ती कोंबडी जेमतेम उठायची, दाणा टिपायची आणि पुन्हा बसायची. शांतामावशी रोज हापशीवर मायला सांगे, "आज अकरावा दिवस वं सुमन. आज सोळावा." दोन्ही वेळा अंडी सडकी निघाली. दुसऱ्या वेळी शांतामावशीला वाटलं, कोंबडीच कुचकामाची आहे. तिने ती कापली आणि वाटीभर रस्सा आमच्याकडे पाठवला. मायने तो घेतला, पण जेवताना तिने वाटीला हात लावला नाही. तिला पिनेचं मालूम होतं का? मी सांगितलं नव्हतं. पण घरातल्या बाईपासून दुपारचं लोटलेलं दार किती दिवस लपणार?

त्यानंतर आत्याने मला दुसरं काम दिलं. "तुह्या मायवर ध्यान ठेव. मले खबर देजो." मी सातवीत होते. आपल्याला कोणीतरी मोठं काम सांगितलं याचंच मला अप्रूप. माय कुठे जाते, कोणाशी बोलते, पदराखाली काय आहे, मी पाहू लागले. आणि एका दुपारी, आत्या दळणाला गेली असताना, मायने खुराड्यात हात घातला, काहीतरी पदरात घेतलं, पदर खोचला आणि हापशीवरून शांतामावशीच्या घरात शिरली. शांतामावशीची दुसरी कोंबडी नुकतीच खुडूक बसली होती. माय परत आली तेव्हा पदर मोकळा होता. मी संध्याकाळी आत्याला सांगितलं. मला वाटलं, आता भांडण होईल. पण तिने मला उकडलेलं अंडं दिलं, आणि कोळशाने भिंतीवर एक रेघ ओढली. रोज एक रेघ.

एकविसावी रेघ ओढल्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी हापशीवर बायकांची गर्दी होती. आत्या चाळणी मागायच्या निमित्ताने शांतामावशीच्या घरात गेली आणि लगेच बाहेर आली. तिच्या हातात एक पिल्लू होतं. ओल्या कापसाच्या बोंडाएवढं, आणि डोक्यावर इवलासा उंचवटा.

"हे कोठून आलं वं शांते?"

शांतामावशी दारात आली. तिने आधी आत्याकडे पाहिलं आणि मग हापशीवर घागर धरून उभ्या असलेल्या मायकडे. "बजारातून आनले अंडे," ती म्हणाली.

"बजारात हे जात भेटते? चोरटी हायेस तू! माह्या खुराड्यात हात घालून चोरले तू अंडे!"

"म्या चोरले नाई."

"मंग कोनं देल्ले? नाव सांग."

हापशीचा दांडा थांबला होता. मायची घागर काठोकाठ भरली होती तरी तिने ती बाजूला केली नाही. मी विहाराच्या पायरीवर बसले होते. एका शब्दाने सगळं उलगडलं असतं आणि तो शब्द आमच्या तिघींपैकी कोणीही उच्चारला नाही. आत्याने आणखी दोनदा 'चोरटी' म्हटलं, पिल्लू खाली ठेवलं आणि घरी आली. मला तेव्हा वाटलं होतं की आत्या मी सांगितलेलं विसरली. आता कळतं. मायला ती चोर म्हणू शकत नव्हती. मायच्या हातची भाकर खात होती. तो राग कोणावर तरी निघायला हवा होता, म्हणून तो हापशीपलीकडे फेकला.

त्या दिवसापासून दोन घरांचं बोलणं बंद झालं. माय वावरात जाताना लांबच्या वाटेने जाऊ लागली. शांतामावशीच्या नवऱ्याने मागच्या अंगणाला उंच कुड घातला. पण आवाजाला कुड कुठे अडवतो? चार-पाच महिन्यांनी त्या कुडामागून कोंबडा आरवू लागला, आधी घोगरा, मग चांगला खणखणीत. आमचा कोंबडा त्याला उत्तर देई. आत्या दर वेळी मान वळवून ऐके आणि म्हणे, "आयक. माह्या घरचा आवाज हाये थो."

उन्हाळ्याच्या तोंडाशी गावात मानमोडी आली. खालच्या आळीत कोंबड्या पटापट मरायला लागल्या. जनावरांच्या दवाखान्यातला माणूस लस घेऊन घरोघर फिरला. आमच्या दारात आला तेव्हा आत्या खुराड्यासमोर हात पसरून उभी राहिली.

"आजी, फुकट आहे. एक सुई टोचली की झालं," तो म्हणाला.

"कायले टोचता? कोनं धाडलं तुमाले?"

"कोणी नाही धाडलं. सगळ्या घरी टोचून राहिलो."

"समोरच्या घरी गेलते?"

"तिथूनच येतोय."

झालं. तिथूनच येतोय म्हटल्यावर आत्याची खात्री पटली की त्या सुईत काहीतरी आहे. मायने समजावून पाहिलं, "आक्का, टोचू द्या न बाप्पा," तर तिने मायकडे असं काही पाहिलं की माय चुलीकडे गेली. बाबा कामावर होते. तो माणूस खांदे उडवून पुढच्या घरी गेला.

आठ दिवसांत आमच्या अंगणातला कलकलाट थांबला. आधी काळी गेली. तिची मान मागे वळली, टोपरं पाठीला टेकलं, ती गोलगोल फिरली आणि पडली. मग एकेक. हिरवट घाण सगळ्या अंगणात. आत्या त्यांच्या चोचीत लसणाचं पाणी, हळदीचं पाणी घालत राहिली. तिसऱ्या दिवशी कोंबडा गेला. तेव्हा ती उठून ओट्यावर गेली आणि समोरच्या घराकडे तोंड करून ओरडू लागली, "जहर टाकलं! माह्या लेकराइले जहर टाकलं!" बाबा नुकतेच कामावरून आले होते. त्यांनी आत्याशी कधी उंच आवाजात बोललेलं मी ऐकलं नव्हतं. "बस्स आक्का!" ते म्हणाले. "कोनं नाई टाकलं. तूच सुई टोचू देल्ली नाई." बाबांनी फावडं घेतलं, मागे खड्डा खणला, आणि कामावरून आणलेला चुना त्यात टाकला.

एक कोंबडी तेवढी वाचली. तांबूस, पहिल्या दोघींपैकी एकीची लेक. दोन दिवस मान टाकून होती, तिसऱ्या दिवशी उठून पाणी प्याली. आत्या तिला मांडीवर घेऊन बसू लागली. पण कोंबड्याशिवाय तिची अंडी काय कामाची? आणि त्या जातीचा कोंबडा आता सगळ्या गावात एकाच, समोरच्या अंगणात होता.

मी कोणाला न विचारता शांतामावशीकडे गेले. ती तूर पाखडत होती. "मावशी," मी म्हटलं, "तुमचा कोंबडा थोडे दिवस देता का?"

तिने सूप खाली ठेवलं नाही. "कोनता कोंबडा?"

कुडामागून तो त्याच क्षणी आरवला. आम्ही दोघींनी ऐकलं.

"आमच्या घरी कोंबडा नाई," ती म्हणाली. "जाय. सांग तुह्या आत्याले. आज कोंबडा पायून घेईन, उद्या पोलीस पाटलाले आनन."

मी घरी येऊन मायला सांगितलं, आणि सांगता सांगता रडू आलं, आणि रडता रडता बाकीचंही सांगून बसले, की तुझ्या पदरातल्या अंड्यांची खबर मीच दिली होती. माय भाकर थापत होती. तिचे हात थांबले. "तू?" एवढंच ती म्हणाली. मग तिने ती भाकर तव्यावर टाकली, उलटली, भाजली, सगळं व्यवस्थित केलं. पण त्या दिवशी तिने मला जेवायला हाक मारली नाही. आत्या दाराआड उभी होती. तिने सगळं ऐकलं होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी, हापशीवर ऐन गर्दी असताना, आत्या डालगं घेऊन निघाली. यावेळी डालग्यावर काही झाकलेलं नव्हतं. ती शांतामावशीच्या दारासमोर थांबली.

"शांते. कोंबडी आनली. तुह्याजवळ ठेव."

"कायले?" शांतामावशी दारातूनच म्हणाली. "उद्या म्हनसान, चोरली."

"मी देऊन राह्यली. ह्या सगळ्या बाया पाहून राह्यल्या."

"तुमच्या घरी मर आली. हे पन त्यातलीच. माह्या कोंबड्या माराले आनली का?"

मला वाटलं, आता आत्या भडकणार. पण संशय कसा असतो हे तिच्याइतकं कोणाला माहीत होतं? तिने मान हलवली. "खरं हाये तुहं. अंदर नेऊ नोको. त्या निंबाखाली खुटा ठोकतो. पंधरा रोज तेथच राहीन, आन मी बी तेथच बसीन. तुह्या अंगनात पाय ठेवनार नाई. चांगली राह्यली तं घे. मेली तं म्हनजो, बुढीनं मारली."

आणि ती खरंच बसली. हापशीपलीकडच्या निंबाखाली, खुट्याला बांधलेल्या कोंबडीशेजारी, सकाळपासून दिवस मावळेपर्यंत. माय तिला तिथेच भाकर आणि ठेचा नेऊन देई. शांतामावशी दिवसातून दोन-तीनदा दारात येऊन पाही. आत्याकडे नाही, कोंबडीच्या विष्ठेकडे पाही. पहिले काही दिवस त्या दोघींत एक शब्द नव्हता. मग मी एकदा शाळेतून येताना ऐकलं, शांतामावशी दारातून विचारत होती, "मक्का खाते का थे?" आणि आत्या म्हणत होती, "भरडला तं खाते."

पंधराव्या दिवशी शांतामावशी निंबापर्यंत आली. तिने कोंबडी उचलली, चोच उघडून पाहिली, पंख उचलून पाहिले, मान हातात धरून इकडे-तिकडे वळवून पाहिली. कोंबडी धडधाकट होती. शांतामावशी तिला काखेत घेऊन तशीच उभी राहिली.

"मले चोरटी म्हनलं तुमी," ती म्हणाली. "साऱ्या आळीसमोर."

"व्हय."

"म्या चोरलं नोतं."

"मले मालूम होतं," आत्या म्हणाली.

"कवापासून?"

"पयल्या दिवसापासून."

मी चार पावलांवर दप्तर घेऊन उभी होते. शांतामावशीचा चेहरा मी आजही विसरले नाही. 'चोरटी' ऐकताना तो असा झाला नव्हता. आत्याला चुकून वाटलं असेल, या समजावर तिने इतके महिने काढले होते. आता तो आधारही गेला. "तुमाले सांगतलं कोनं?" तिने विचारलं.

आत्याने माझ्याकडे पाहिलं नाही. ती उठून लुगड्यावरची माती झटकू लागली. ती सांगणार नव्हती. ती मला वाचवत होती, आणि मला ते सहन झालं नाही.

"मी सांगतलं मावशी," मी म्हटलं. "मायच्या मांगं मी ध्यान ठेवत होती."

शांतामावशीने एकदा माझ्याकडे पाहिलं. मग कोंबडी घेऊन ती आत गेली. दार तिने लावलं नाही. थोड्या वेळाने आत्या त्या दारातून आत गेली आणि तिच्यामागे, भाकर घेऊन आलेली माय. मी बाहेर थांबले. मला कोणी ये म्हटलं नाही.

पुढे त्या कोंबडीची पिल्लं झाली, पिल्लांची पिल्लं झाली. आत्याने एकही आमच्या अंगणात परत आणलं नाही. ज्याने मागितली त्याला ती शांतामावशीच्या घरून चांगली अंडी न्यायला सांगे, आणि सोबत जाऊन कोंबडी कशी बसवायची तेही दाखवी. आता आमच्या भागातल्या पाच-सात गावांत टोपऱ्याच्या कोंबड्या आहेत. माझ्या नणंदेचा जावई परवा मोबाईलवर त्यांची चित्रं दाखवून म्हणाला, मामी, ही फार दुर्मिळ जात आहे, शहरातले लोक शोधत येतात. मी हो म्हटलं.

आत्या आणि शांतामावशीचं मेतकूट शेवटपर्यंत टिकलं. त्या दोघी आणि माय मिळून दुपारी त्याच निंबाखाली शेंगा सोलत बसत, हसत, कोणाच्या तरी सासूची नक्कल करत. मी कॉलेजला गेले, नोकरीला लागले, लग्न झालं, सुट्टीत घरी येत राहिले. त्या मला कधी टाकून बोलल्या नाहीत. शांतामावशी माझ्या लेकरांना मांडीवर घेई, डोक्याला तेल लावी. पण मी निंबाजवळ गेले की त्या तिघींपैकी जी बोलत असे ती वाक्य अर्धंच सोडून देई आणि मला विचारे, "कवा आली वं?" मी कधी आले ते सांगे. मग चौघी मिळून शेंगा सोलत बसू.